रक्तातले अक्षर, बांधीतली लोंबी

जनुक हा शब्द अहेरीच्या बाजारात कानावर पडत नाही. 'सिकलसेल' मात्र इथे घरोघरी माहीत आहे. प्राणहितेच्या काठची गावे, आलापल्लीचा सागवानी पट्टा, एटापल्ली-भामरागडकडचे माडिया टोले, कुठूनही रुग्णालयात आलेल्या आईला विचारा. पोराचे हातपाय सुजतात, थंडी पडली की हाडे ठणकतात, डोळे पिवळे होतात, असे ती सांगेल आणि शेवटी 'एसएस आहे' म्हणेल. जगात जैवतंत्रज्ञानाची चर्चा प्रयोगशाळा, पेटंट आणि शेअरबाजार यांच्या भाषेत चालते. चंद्रपूर-गडचिरोलीत तिची हाती लागणारी ठिकाणे तीन आहेत: रक्ताचा अहवाल, धानाची बांधी आणि कपाशीच्या बियाण्याची पुडी. या तिन्ही ठिकाणी गेल्या चाळीसेक वर्षांत काय घडले ते पाहताना एक गोष्ट मला पुन्हा पुन्हा दिसते. या भागाला सर्वांत जास्त उपयोगी पडू शकते ते जनुकशास्त्रातले जुने, स्वस्त, साधे ज्ञान, आणि नेमके तेच इथे सर्वांत उशिरा पोचले.

सिकलसेल म्हणजे एका अक्षराची चूक. अकराव्या गुणसूत्रावरच्या बीटा ग्लोबिन जनुकात 'ए'च्या जागी 'टी' येते. त्यामुळे हिमोग्लोबिनच्या बीटा साखळीतल्या १४६ अमिनो आम्लांपैकी सहावे बदलते, ग्लुटामिक आम्लाऐवजी व्हॅलीन बसते. एवढाच फरक. पण प्राणवायू कमी झाला की असे हिमोग्लोबिन एकमेकांना चिकटून काड्यांसारखे ताठ होते आणि गोल, लवचिक तांबडी पेशी विळ्याच्या आकाराची होते. ती बारीक रक्तवाहिनीत अडकते, मग असह्य दुखते. साधी तांबडी पेशी १२० दिवस जगते, ही दोन-तीन आठवड्यांत फुटते, म्हणून अंगात रक्त टिकत नाही. शिकागोत जेम्स हेरिक यांनी १९१० मध्ये या पेशींचे वर्णन छापले. लायनस पॉलिंग यांनी १९४९ मध्ये याला रेणूचा आजार म्हटले, तेव्हा कोणत्याही रोगाचे मूळ रेणूत दाखवण्याची ती पहिलीच वेळ होती. केंब्रिजमध्ये व्हर्नन इन्ग्रॅम यांनी १९५६-५७ मध्ये बदललेले अमिनो आम्ल शोधून काढले. भारतात निलगिरीच्या आदिवासींमध्ये हा दोष १९५२ मध्ये नोंदला गेला आणि नागपूरच्या शुक्ला व सोळंकी यांनी मध्य भारतातली नोंद १९५८ मध्ये 'लॅन्सेट'मध्ये प्रसिद्ध केली. म्हणजे रेणूजीवशास्त्राचा जन्म होत होता त्याच दशकात विदर्भ त्याच्या नकाशावर होता. तो केवळ आदिवासींचा आजार आहे हा समजही तेव्हापासूनच चुकीचा ठरला आहे. विदर्भात अनुसूचित जाती आणि इतर मागास समाजांतही तो तितकाच खोल आहे.

हे अक्षर इथे टिकले का, याचे उत्तर जंगलात आणि डासांत आहे. अँथनी अ‍ॅलिसन यांनी १९५४ मध्ये पूर्व आफ्रिकेतल्या अभ्यासातून दाखवले की आई-बापांपैकी एकाकडूनच हे जनुक आलेल्या माणसाला, म्हणजे 'एएस' वाहकाला (दोघांकडूनही आले तर 'एसएस', म्हणजे रुग्ण), फाल्सिपेरम हिवतापापासून बरेच संरक्षण मिळते. ज्या प्रदेशात हिवतापाने पिढ्यानपिढ्या लेकरे नेली, तिथे वाहक जास्त जगले आणि हे अक्षर पुढे देत राहिले. गडचिरोली आजही राज्यातल्या हिवतापाच्या नकाशावरचा सर्वांत गडद जिल्हा आहे. तेव्हा सिकलसेलला 'खराब रक्त' म्हणणाऱ्याला हे सांगायला हवे की याच रक्ताने या जंगलात माणसाची वस्ती टिकवून धरली.

हिवतापाच्या औषधातही जनुक आडवे येते. व्हायव्हॅक्स हिवताप यकृतात दडून बसतो, त्याला मुळापासून काढायला प्रायमाक्विन १४ दिवस द्यावे लागते. पण काही जणांमध्ये जी-सिक्स-पीडी नावाचे विकर जन्मतः कमी असते. त्यांना हेच औषध दिले तर तांबड्या पेशी फुटू लागतात. म्हणजे एकाच गोळीने एक बरा होतो आणि दुसऱ्याला लघवी काळी होऊन दवाखान्यात यावे लागते. शहरात 'व्यक्तीनुसार औषध' हा मोठा नवा विचार म्हणून मांडला जातो. इथे त्याची गरज हिवतापाच्या गोळीपासूनच सुरू होते. दुसऱ्या बाजूला, पुण्याच्या सीरम इन्स्टिट्यूटने ऑक्सफर्डसोबत बनवलेल्या आर-२१ या हिवतापाच्या लशीची शिफारस जागतिक आरोग्य संघटनेने ऑक्टोबर २०२३ मध्ये आफ्रिकेसारख्या प्रदेशांतल्या मुलांसाठी केली. ती लस पुण्यात तयार होते. ज्या राज्यात ती तयार होते, त्याच राज्याच्या टोकाला हिवताप ठाण मांडून आहे, हे मला विसरता येत नाही.

डॉक्टर दांपत्य राणी आणि अभय बंग १९८६ मध्ये गडचिरोलीत आले आणि सुरुवातीच्या वर्षांतच त्यांनी इथल्या सिकलसेलचा अभ्यास केला. त्या अनुभवाबद्दल डॉ. बंग यांनी पुढे मोकळेपणाने सांगितले आहे की लोकांनी त्यांच्याकडे हा आजार शोधायची मागणी केलीच नव्हती, आणि लोकांवर संशोधन करण्याऐवजी लोकांसोबत संशोधन करायचे, हा धडा त्यातून मिळाला. मला हा धडा सबंध विषयाचा गाभा वाटतो. रक्ताचा नमुना घेऊन गेलेली गाडी परत येताना काय आणते, यावर गाव तिची किंमत ठरवते. अहवाल गावात आलाच नाही, किंवा आला आणि कुणी समजावून दिला नाही, तर पुढच्या वेळी बोट पुढे होत नाही.

परत आणायला खूप काही आहे, आणि त्यातले बरेचसे स्वस्त आहे. विद्राव्यता चाचणी गावात होते. तिने 'एएस' आणि 'एसएस' वेगळे कळत नाहीत, त्यासाठी इलेक्ट्रोफोरेसिस किंवा एचपीएलसी ही प्रयोगशाळेतली तपासणी लागते. जन्मतःच निदान झाले तर पाच वर्षांपर्यंत रोज पेनिसिलिन आणि न्यूमोकोकल लस देऊन जीवघेणा जंतुसंसर्ग टाळता येतो. रोज पेनिसिलिन देण्याचा फायदा अमेरिकेतल्या चाचणीत १९८६ मध्येच सिद्ध झाला होता. हायड्रॉक्सियुरिया हे मूळचे कर्करोगाचे औषध. ते गर्भावस्थेतले हिमोग्लोबिन वाढवते, त्यामुळे पेशी कमी वाकतात, दुखण्याचे झटके कमी होतात आणि रक्त चढवण्याची वेळ कमी येते. १९९५ मध्ये मोठ्या चाचणीने हे दाखवले, १९९८ मध्ये अमेरिकेत मान्यता मिळाली. ही साधी कॅप्सूल आहे. भारतीय रुग्णांत गर्भावस्थेतले हिमोग्लोबिन तसे जास्त असते, म्हणून इथला आजार सौम्य, असे पूर्वी पाठ्यपुस्तकांत लिहिले जाई. नागपूरच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयातल्या डॉ. दीप्ती जैन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी वर्षानुवर्षे मुले तपासली आणि विदर्भातला आजार सौम्य नाही हे दाखवून दिले. चंद्रपूरला आता राष्ट्रीय इम्युनोहिमॅटॉलॉजी संस्थेचे हिमोग्लोबिनविकारांसाठीचे केंद्र आहे. २०१६ च्या अपंग हक्क कायद्यात सिकलसेलचा समावेश झाला. १ जुलै २०२३ रोजी मध्य प्रदेशात शहडोल इथे राष्ट्रीय सिकलसेल निर्मूलन अभियान सुरू झाले. ४० वर्षांपर्यंतच्या सात कोटी लोकांची तपासणी आणि २०४७ पर्यंत निर्मूलन, हे त्याचे लक्ष्य.

तपासणीचे आकडे मोठे दिसतात. मला आकड्यापुढचे पाहावेसे वाटते: 'एसएस' निघालेल्या किती मुलांना महिनोन्महिने न चुकता कॅप्सूल मिळते? अहेरीहून गडचिरोली शंभर किलोमीटरहून अधिक, नागपूर अडीचशेहून अधिक. पावसाळ्यात नाले भरले की आतली गावे तुटतात. हायड्रॉक्सियुरियावर असलेल्या मुलाचे रक्त ठरावीक दिवसांनी तपासावे लागते, डोस वजनाप्रमाणे बदलावा लागतो. हे काम परिचारिका, आशाताई आणि औषधनिर्माता यांच्या जिवावर चालते. यात कुठेही अवघड विज्ञान उरलेले नाही.

या पार्श्वभूमीवर नवे शोध पाहावेत. क्रिस्पर या जनुक-कात्रीसाठी जेनिफर डूडना आणि इमॅन्युएल शार्पेंतिए यांना २०२० चे नोबेल मिळाले. तीन वर्षांनी, नोव्हेंबर २०२३ मध्ये ब्रिटनने आणि डिसेंबरमध्ये अमेरिकेने कॅसगेवी या उपचाराला मान्यता दिली. क्रिस्परवर आधारलेला हा जगातला पहिला मान्यताप्राप्त उपचार, आणि तो सिकलसेलसाठी आहे. रुग्णाच्या मूळपेशी बाहेर काढतात, त्यांतल्या बीसीएल-११-ए जनुकाचा एक नियंत्रक भाग कापतात, त्यामुळे गर्भावस्थेतले हिमोग्लोबिन पुन्हा बनू लागते. मग तीव्र औषधाने जुनी अस्थिमज्जा रिकामी करून त्या पेशी परत सोडतात. त्या औषधाने वंध्यत्वाचा धोका असतो, रुग्णालयात आठवडेच्या आठवडे राहावे लागते. अमेरिकेतली किंमत २२ लाख डॉलर. दिल्लीच्या आयजीआयबी या संस्थेने स्वतःची कात्री विकसित केली, उपचाराला 'बिरसा १०१' असे बिरसा मुंडांचे नाव दिले, आणि तो पुढे नेण्यासाठी पुन्हा सीरम इन्स्टिट्यूटच आली आहे. हे झाले तर मला मनापासून आनंद होईल. ज्या आजाराने आधी आदिवासी आणि दलित घरे पोखरली त्यावर देशाची उत्तम प्रयोगशाळा काम करते, ही गोष्ट लहान नाही. पण किंमत शंभर पटींनी उतरली तरी अस्थिमज्जा रिकामी करण्याची सोय असलेले रुग्णालय, निर्जंतुक खोली आणि दोन-तीन महिने मजुरी बुडवून सोबत राहणारा बाप लागेलच. म्हणून मी क्रम असा लावीन: आधी नवजात बाळाच्या टाचेचे रक्त, मग पेनिसिलिन, मग कॅप्सूल, आणि मग कात्री. आधीच्या तीन पायऱ्या नसतील तर चौथीपर्यंत पोचायला मूल जिवंत राहीलच असे नाही.

आता बांधीकडे वळू. झाडीपट्टीत धान हेच पीक, हेच अन्न. जनुकशास्त्रातली या प्रदेशाची सर्वांत मोठी कामगिरी इथल्याच एका शेतकऱ्याच्या नावावर आहे. नागभीड तालुक्यातल्या नांदेड गावचे दादाजी खोब्रागडे जेमतेम तिसरीपर्यंत शिकलेले, जमीन दीडेक एकर. १९८३ मध्ये त्यांना पटेल-३ या वाणाच्या बांधीत तीन वेगळ्या, पिवळसर लोंब्या दिसल्या. त्यांनी त्या बाजूला ठेवल्या, पुढच्या हंगामात वेगळ्या पेरल्या, त्यातून पुन्हा निवडल्या, पुन्हा पेरल्या. धान स्वपरागी आहे. एखाद्या लोंबीत निसर्गतः झालेला बदल पिढ्यानपिढ्या निवडत गेले की तो स्थिर होतो. विद्यापीठातला पैदासकार हेच शिकून करतो. दादाजींनी ते डोळ्यांनी आणि धीराने केले. बारीक दाण्याचा, शिजल्यावर चवदार असा तो वाण पसरत गेला आणि व्यापाऱ्यांनी त्याला त्या काळी हौसेने मिरवल्या जाणाऱ्या मनगटी घड्याळाचे नाव दिले: एचएमटी. पुढे त्यांनी नांदेड ९२, नांदेड हिरा, नांदेड चिन्नोर, डीआरके असे आणखी वाण काढले.

विदर्भाबाहेर छत्तीसगड, तेलंगणापर्यंत एचएमटी गेला. दादाजींच्या हाती मात्र त्यातले फार थोडे आले. अकोल्याच्या कृषी विद्यापीठाच्या सिंदेवाही केंद्राने हे बियाणे नेऊन शुद्ध केले आणि १९९८ मध्ये पीकेव्ही-एचएमटी या नावाने प्रसारित केले. वाण मुळात कुणाचा, यावर नंतर बराच वाद झाला. २००५ मध्ये राष्ट्रपती अब्दुल कलाम यांच्या हस्ते त्यांना राष्ट्रीय नवप्रवर्तन प्रतिष्ठानचा पुरस्कार मिळाला, २०१० मध्ये फोर्ब्सने त्यांची दखल घेतली, आणि ३ जून २०१८ रोजी गडचिरोलीजवळ बंग दांपत्याच्या शोधग्रामच्या रुग्णालयात त्यांचे निधन झाले. शेवटची वर्षे आजारात आणि तंगीत गेली. पीक वाण संरक्षण आणि शेतकरी हक्क कायदा २००१ मध्ये झाला, त्याचे प्राधिकरण २००५ मध्ये आले. एचएमटी तोवर लाखो बांध्यांत उभा होता. या कायद्याने शेतकऱ्याला बियाणे राखण्याचा, पेरण्याचा, वाटण्याचा आणि ब्रँडचे नाव न लावता विकण्याचाही हक्क दिला आहे. जगात असा स्पष्ट हक्क फार थोड्या देशांनी दिला. त्याची नोंदणी कशी करायची, हे गावात येऊन सांगणारा माणूस मात्र अजून हवा आहे.

धानाच्या पुढच्या पायऱ्याही पाहण्याजोग्या आहेत. कडाकरपा आणि गादमाशी हे आपल्या भागाचे जुने शत्रू. हैदराबादच्या सीसीएमबी आणि धान संशोधन संचालनालयाने सांबा मसुरीत कडाकरप्याला तोंड देणारी तीन जनुके साध्या संकरानेच आणली. रोपट्यात ती आली की नाही हे ओळखायला डीएनएच्या खुणा वापरल्या आणि २००८ मध्ये सुधारित सांबा मसुरी दिली. यात परके जनुक नाही, पेटंटची पुडी नाही, बियाणे घरी राखता येते. एवढ्या शांतपणे झालेल्या कामाची बातमी होत नाही, पण मला वाटते सिंदेवाही आणि साकोलीच्या केंद्रांतून आपल्या वाणांसाठी हेच आधी व्हावे. मे २०२५ मध्ये केंद्रीय कृषिमंत्र्यांनी जनुक-संपादित धानाचे दोन वाण जाहीर केले. 'कमला' हा सांबा मसुरीत बदल करून, तर 'पुसा डीएसटी राइस १' हा एमटीयू-१०१० मध्ये, खाऱ्या आणि कोरड्या जमिनीसाठी. मार्च २०२२ मध्ये केंद्राने, ज्यात परके जनुक राहत नाही अशा संपादित पिकांना जनुकीय सुधारित पिकांच्या कडक नियमांतून सूट दिली होती. विज्ञानाच्या दृष्टीने ती सूट मला समजते. पण कात्रीचे पेटंट परदेशी संस्थांकडे आहे, तेव्हा त्या बियाण्यावर शेतकऱ्याचा २००१ चा हक्क जसाच्या तसा राहणार का, याचे लेखी उत्तर वाण बांधीत येण्याआधी मिळायला हवे.

कारण पुडीचा अनुभव ताजा आहे. २६ मार्च २००२ रोजी बीटी कपाशीला परवानगी मिळाली. मातीतल्या जिवाणूचे जनुक कपाशीत घातले, बोंडअळी पान खाऊन मरू लागली, सुरुवातीला फवारण्या घटल्या आणि उत्पादन वाढले. हे खरे आहे आणि शेतकऱ्याने ते स्वतःच्या शेतात पाहिले, म्हणूनच राजुरा-कोरपनापासून यवतमाळपर्यंत देशी कपाशी जवळपास दिसेनाशी झाली. चूक दुसरीकडे झाली. इतर देशांनी हे जनुक सरळ वाणांत घातले, भारतात ते जवळजवळ केवळ संकरित बियाण्यात आले. संकरित सरकी राखून पेरता येत नाही, दरवर्षी पुडी विकत घ्यावी लागते, आणि संकरित कपाशी लांबते. लांबलेल्या कपाशीत, फरदडीत, गुलाबी बोंडअळीला वर्षभर घर मिळाले. नॉन-बीटीच्या ओळी शेताभोवती लावायच्या होत्या, त्या फारशा कुणी लावल्या नाहीत. २०१७ मध्ये विदर्भात अळीने पोखरलेल्या, न उमलणाऱ्या डोमकळ्यांनी शेते भरली. तोवर कपाशीत दोन बीटी जनुके होती, ती दोन्ही गुलाबी अळीपुढे निकामी ठरली. त्याच हंगामात यवतमाळात फवारणीच्या विषबाधेने वीसहून अधिक शेतकरी-शेतमजूर गेले. ज्या तंत्राने फवारणी कमी व्हायची होती, त्याच पिकात फवारताना माणसे मेली. नागपूरच्या केंद्रीय कापूस संशोधन संस्थेने सरळ वाणातले बीटी, बिकानेरी नरमा, २००८ मध्ये आणले होते. त्यात खासगी कंपनीच्या जनुकाची भेसळ निघाली आणि ते मागे घ्यावे लागले. सार्वजनिक संशोधनाची ती हुकलेली संधी मला आजही खुपते.

पुढची गोष्ट तणनाशक सहन करणाऱ्या चोरबीटीची. परवानगी नाही, तरी ती तेलंगणाच्या सीमेवरून येते. जून २०१९ मध्ये शेतकरी संघटनेने अकोट तालुक्यात अकोली जहागीरला ती उघडपणे पेरून कायदेभंग केला. निंदणीला मजूर मिळत नाही, ही शेतकऱ्याची अडचण खोटी नाही. पण बिनपावतीची पुडी उगवली नाही तर दाद मागायला जागा नसते. बीटी वांग्याच्या वेळी, २०१० च्या सुरुवातीला, केंद्रीय मंत्री जयराम रमेश यांनी देशात सात ठिकाणी खुल्या सभा घेतल्या, त्यांत नागपूर होते. नंतर ९ फेब्रुवारीला त्यांनी त्या पिकाला स्थगिती दिली. निर्णय कुणाला पटो न पटो, शेतकऱ्यासमोर उभे राहून ऐकण्याची ती रीत मला आवडली, आणि ती पुन्हा दिसली नाही.

जंगलाच्या बाजूने एकच गोष्ट सांगतो. गडचिरोलीतल्या कमलापूरजवळच्या कोलामार्काला २०१३ मध्ये संवर्धन राखीव क्षेत्राचा दर्जा मिळाला तो रानम्हशीसाठी. मध्य भारतातल्या या म्हशी थोड्याच उरल्या आहेत, आणि गावातल्या म्हशींशी संकर हा त्यांच्यापुढचा मोठा धोका. छत्तीसगडच्या रानम्हशीपासून कर्नालच्या संस्थेत डिसेंबर २०१४ मध्ये 'दीपाशा' हा क्लोन जन्मला. पुढे ती खरी रानम्हैस की मुऱ्हा, यावरच शंका निघाली. कोलामार्कात कळप मोकळा चरतो. त्याचे कुरण आणि पाणी राखणे हा क्लोनपेक्षा खात्रीचा मार्ग आहे. महाराष्ट्राने एप्रिल २०२२ मध्ये जनुककोश प्रकल्पाला १७२ कोटींहून अधिक निधी मंजूर केला, त्यात पिकांचे गावठी वाण, पशुधन आणि वनपरिसंस्था आहेत. हा कोश थंड खोलीतल्या बाटल्यांपुरता न राहता गावातल्या ढोलीत आणि कणगीतही असावा.

जनुकाच्या या ज्ञानाने समाज बदलतो आहे तो सोयरिकीत. गोंड समाजात कुळांची विभागणी देवांच्या संख्येवर होते: चार, पाच, सहा, सात. देव सारखे असले की भाऊबंद, तिथे लग्न नाही. आडनाव ऐकताच जाणती माणसे देव मोजतात. ही फार जुनी, नेटकी व्यवस्था आहे. पण मामाच्या आणि आत्याच्या घरची सोयरीक पसंतीची असते, आणि दोन्हीकडे सिकलसेलचे तेच अक्षर असू शकते. दोघे वाहक असले तर प्रत्येक बाळंतपणात चारात एक शक्यता 'एसएस'ची, चारात दोन वाहकाची, एक निखळ निरोगी बाळाची. पहिले मूल आजारी निघाले म्हणून पुढची तीन सुटली, असे होत नाही. दर वेळी कवडी नव्याने पडते. हे समजावताना मी पाहिलेली भीती एकच: अहवाल मुलीच्याच नावाला चिकटतो. मुलगा वाहक असला तर घरात राहते, मुलगी वाहक असली तर गावभर होते. वाहकाला आजार नसतो, वाहकाने वाहक किंवा रुग्ण नसलेल्याशी लग्न केले तर एकही मूल 'एसएस' होत नाही, हे वाक्य शाळेत, आश्रमशाळेत, गोटुलात, ग्रामसभेत माडिया आणि गोंडीतही सांगितले गेले पाहिजे. तपासणी करून घेणाऱ्या गावाला आपल्या नमुन्याचे काय होणार, तो कुठे जाणार, अहवाल कुणाच्या हाती राहणार, हे आधी विचारण्याचा हक्क आहे. जंगलावरचा सामूहिक हक्क गडचिरोलीतल्या मेंढा-लेखा गावाने २००९ मध्ये मिळवला. रक्ताच्या नमुन्याबद्दल ग्रामसभेने तितक्याच ठामपणे बोलावे असे मला वाटते.

राष्ट्रीय अभियानात वाहक-तपासणीची कार्डे दिली जातात. मुलाचे कार्ड मुलीच्या कार्डावर ठेवले की होणाऱ्या मुलांची शक्यता दिसते. चैत्र-वैशाखात या भागात सोयरिकी ठरतात. दोन्हीकडची म्हातारी माणसे खाटेवर बसतात, मोहाची दारू पुढे येते, आडनावे विचारली जातात, देव मोजले जातात. मग आशाताई पिशवीतून दोन कार्डे काढते आणि एकावर एक ठेवते.